राजपुत्राचं खरचटणं

‘काही नाही, जरासं खरचटलंय,’ असं कोणी म्हणालं की आधी त्याचा गुडघा बघावा. शेक्सपिअरच्या ‘चौथा हेन्री’च्या पहिल्या भागात श्रूजबरीच्या रणांगणावर राजपुत्र हॅल हेच म्हणतो. बाप, म्हणजे राजा चौथा हेन्री, सांगतोय, फार रक्त चाललंय, तंबूत जा. पोरगं म्हणतं, एवढ्याशा ओरखड्यानं मी मागे फिरू?

हाच हॅल पुढे पाचवा हेन्री होणार, फ्रेंचांविरुद्धची ॲझिंकूरची लढाई जिंकणार. पण प्रत्यक्षात श्रूजबरीच्या लढाईत, २१ जुलै १४०३ ला, सोळा वर्षांच्या त्या मुलाच्या नाकाशेजारून बाण आत शिरला होता. बाणाचं टोक म्हणजे पोकळ बुडाचं लोखंड, त्यात काडी खोचलेली. काडी निघाली, लोखंड सहा इंच खोल, कवटीच्या मागच्या हाडात रुतून राहिलं. हा ओरखडा!

केनिलवर्थच्या किल्ल्यात वैद्य जमले, काढे झाले, टोक ढिम्म. मग जॉन ब्रॅडमोर हा शल्यवैद्य आला. त्यानं घाई केली नाही, हेच त्याचं मोठेपण. अरुंद जखमेत चिमटा घुसवला तर मांसच फाटणार. म्हणून एल्डर या झुडपाच्या फांदीतला वाळका गाभा स्वच्छ कापडात शिवून त्याच्या वाती केल्या, गुलाबाच्या मधात भिजवल्या आणि दर वेळी आधीपेक्षा जाड, लांब वात घालत जखम तळापर्यंत रुंद केली. मग खास घडवलेला बारीक, पोकळ चिमटा, मधोमध स्क्रू असलेला. मिटलेलं तोंड टोकाच्या पोकळ बुडात सरकवायचं आणि स्क्रू फिरवून आतून फाकवायचं, म्हणजे लोखंड पकडीत येतं. मागेपुढे हलवत, हळूहळू ते बाहेर आलं. नंतर पांढऱ्या वाइनची पिचकारी आणि मध, सातूचं पीठ, टर्पेंटाइन घातलेल्या मलमाच्या वाती, दर दोन दिवसांनी थोड्या आखूड. कारण तोंड आधी मिटलं तर पू आत कोंडतो. वीस दिवसांत जखम स्वच्छ झाली. ‘मधाचं बोट’ आपल्याकडे फसवायला लावतात. इथे त्यानं राजा वाचवला.

रंगमंचावर उलटा प्रकार. तिथे साखरेच्या पाकात खायचा रंग मिसळून जखमच तयार करतात. पाक पातळ झाला तर घामाबरोबर ओघळून नटाच्या तोंडात जातो, घट्ट झाला तर गालावर जॅमसारखा बसतो. कपडे धुवायचे म्हणून थोडा साबण मिसळावा, तर मग तो ओठांपासून लांब ठेवावा लागतो. शिवाय हॅल झालेल्या नटाला लगेच हॉटस्परशी, म्हणजे बंडखोरांच्या सेनानीशी, तलवार खेळायची असते, वर त्याच्या प्रेतापाशी भाषणही करायचं असतं. चेहऱ्यात बाण घेऊन ते कसं जमणार? नाटककारानं ओरखड्यावर भागवलं, ते बरोबरच केलं. (हॉटस्पर प्रत्यक्षात हॅलच्या बापापेक्षाही वयानं मोठा; नाटकात तो हॅलच्या बरोबरीचा झालाय. तिथे सोय आधी, जन्मतारीख नंतर.)

पुढच्या ‘पाचवा हेन्री’ नाटकात त्या व्रणाचा उल्लेखही नाही. शेवटच्या अंकात मात्र राजा फ्रेंच राजकन्या कॅथरीनला मागणी घालताना म्हणतो, माझा चेहरा उन्हानं रापण्याच्याही लायकीचा नाही. नटाचा गाल तोवर पुसून लख्ख झालेला असतो. १४२० साली फ्रान्समधल्या त्र्वा शहरातल्या लग्नात खऱ्या कॅथरीनसमोर जो गाल होता, तो तसा नसणार.