येंटे, भागू आणि भवानी

लेकीचा फोन रविवारी सकाळी येतो. आमचा चहा सुरू असतो आणि तिकडे न्यू जर्सीत तिची शनिवारची रात्र असते. परवा तिचं गाऱ्हाणं समोरच्या घरातल्या बाईबद्दल होतं. आमच्याकडे कोण आलं, किती वाजता गेलं, कचऱ्याचा डबा बाहेर काढायला आम्ही कसे विसरलो, सगळं म्हणे तिला पाठ. "आई, अगदी येंटा आहे ती!"

"येंटा म्हणजे?"

"म्हणजे आपली भोचक भवानी गं. यिडिश शब्द आहे. ऑफिसातल्या ज्यू मैत्रिणीकडून उचलला मी." मग जरा थांबून म्हणाली, "आणि गंमत म्हणजे तिच्या पणजीचं नावच येंटे होतं. घरात कुणी फारसं सांगत नाहीत."

फोन ठेवला, चहा निवला, पण ती पणजी काही डोक्यातून जाईना. पाळण्यातल्या तान्ह्या लेकराकडे बघून कुठली आई त्याला भोचक भवानी म्हणेल? निवृत्त माणसाला असला प्रश्न पडला की त्याचा आठवडा छान जातो. माझाही गेला.

यिडिश ही युरोपातल्या, विशेषतः पूर्व युरोपातल्या ज्यूंची घरातली भाषा. हजारेक वर्षांपूर्वी ऱ्हाइन नदीच्या काठी, माइन्त्झ, वोर्म्स, श्पायर अशा गावांत ती रुजली. अंगकाठी जर्मन, लिपी हिब्रू, अंगावर हिब्रू-अरामी शब्दांचे दागिने, आणि पुढे पोलंड-रशियाकडे सरकल्यावर स्लाव्ह भाषांची फोडणी. बोलणारे तिला प्रेमानं 'मामे-लोशन' म्हणतात, आईची भाषा. (आपल्या कोकणातल्या बेने इस्रायलींचा हिच्याशी संबंध नाही. शनिवारी घाणा बंद ठेवतात म्हणून ज्यांना शनवार तेली म्हणत, त्या मंडळींची आईची भाषा मराठीच.)

त्या ऱ्हाइनकाठच्या ज्यूंपैकी बरेच जण इटली आणि फ्रान्सच्या बाजूनं आलेले. येताना तिकडचे थोडे शब्द पदरात बांधून आणले आणि ते जर्मनच्या पुरातही वाहून गेले नाहीत. यिडिशमध्ये आशीर्वाद देण्याला 'बेंचन' म्हणतात, ते थेट लॅटिनमधून उतरलेलं. तशीच काही नावं. 'बेयले' म्हणजे बेला, सुंदर. 'टोल्त्से' म्हणजे दोल्चे, गोड. आणि 'येंटे' म्हणजे जेंतिले. जुन्या फ्रेंचमध्ये जेंतिल, इटालियनमध्ये जेंतिले, अर्थ कुलीन, खानदानी, सुस्वभावी.

म्हणजे आपण ज्याला 'जंटलमन माणूस' म्हणतो, त्या जंटलमनची ही सख्खी चुलत बहीण! एक उंची सूट घालून लंडनला गेला, दुसरी डोक्याला रुमाल बांधून पोलंडच्या बाजारात भाजी घेत राहिली. बोलताना आरंभीच्या 'ज'चा 'य' झाला, शेपूट झडलं आणि उरली येंटे. लाडानं हाक मारायची तर येंटल.

या घराण्यात आणखी एक नातेवाईक आहे, त्याची मला फार मौज वाटली. लॅटिनमधला मूळ शब्द कुळाचा, गोताचा. त्यातूनच इंग्रजीतला 'जेंटाइल' आला, आणि जेंटाइल म्हणजे जो ज्यू नाही तो. तेव्हा एकाच पणजोबांची दोन नातवंडं: एक अस्सल ज्यू मुलीचं नाव, दुसरं ज्यू नसलेल्या सगळ्या जगाचं. शब्दांच्या घराण्यातही भाऊबंदकी असते ती अशी.

मुलींचीच नावं अशी घरच्या भाषेतली का, याचंही कारण आहे. मुलगा मोठा झाला की प्रार्थनागृहात तोरा, म्हणजे ज्यूंचा धर्मग्रंथ, वाचायला त्याला नावानं पुकारत, 'अमुक, तमुकचा पुत्र'. त्यासाठी नाव पवित्र भाषेतलं, म्हणजे हिब्रू हवं. घरात बंड्या म्हणा नाहीतर गुंड्या, तिथे मोशे किंवा अव्रोहम हवाच. मुलींना कुणी तोरा वाचायला बोलावणार नव्हतं. त्यामुळे सारा, रिव्का, लेया अशी बायबलमधली नावं होतीच, पण त्यांच्या शेजारी घरच्या भाषेतली नावंही राजरोस नांदली. फेयगे म्हणजे पाखरू, ब्लुमे म्हणजे फूल, गोल्डे म्हणजे सोनं, पेर्ल म्हणजे मोती, फ्रेयडे म्हणजे आनंद, गिटल म्हणजे चांगली. आपल्याकडच्या मैनाबाई, फुलाबाई, सोनाबाई आणि आनंदीबाई एका ओळीत उभ्या केल्यासारखं वाटलं मला. संस्कृत नाटकात राजा संस्कृत बोलतो आणि राणी प्राकृत, तसाच हा प्रकार. दाराबाहेर ठेवल्यामुळे का होईना, भाषेची जुनी चीजवस्तू बायकांच्या नावांत टिकली. फ्रान्स-इटलीहून आणलेलं ते गाठोडं कुणी शास्त्रीबुवांनी सांभाळलं नाही. ते येंट्यांनी आणि बेयल्यांनी सांभाळलं.

एका ठिकाणी मात्र शास्त्रीबुवांना या नावांकडे नीट बघावं लागे, ते म्हणजे काडीमोडाच्या कागदावर. ज्यू धर्मशास्त्रानुसार घटस्फोटाच्या लेखात नवराबायकोचं नाव, टोपणनावासकट, काटेकोर लिहावं लागतं. अक्षर चुकलं तर कागदच बाद व्हायची भीती. मग पोथीत कधी न आलेलं हे घरगुती नाव लिहायचं कसं, शेवटी कुठलं अक्षर घालायचं, यावर रब्बींनी, म्हणजे ज्यू धर्मगुरूंनी, पुष्कळ खल केला, नावांच्या याद्या केल्या. जन्मभर जिला चुलीपाशी हाक मारली, तिच्या नावाचं शुद्धलेखन ठरलं ते संसार मोडताना. हे वाचून मला हसावं की काय ते कळेना.

इथे मला माझी आजी आठवली, कारण तिला बिचारीला नावाच्या बाबतीत तेवढंही मिळालं नाही. येंटे लग्न करून गेली तरी येंटेच राहायची. माझ्या आजीचं नाव माहेरी काय होतं, हे मला ती गेल्यावर तिच्या भावाकडून कळलं. लग्नात ताटातल्या तांदळांवर अंगठीनं नवं नाव लिहिलं गेलं, भागीरथी. साक्षात गंगा. पण एवढी लांबलचक गंगा घरात कोण वाहून नेणार? तिची भागू झाली आणि वयानं भागूबाई. आता मराठीत भागूबाई म्हणजे काय ते सांगायला नको. मी तिसरीत असताना मास्तरांनी झाडावर चढायला घाबरणाऱ्या एका मुलाला "काय रे भागूबाई!" म्हटलं. सगळा वर्ग हसला, मी सोडून. माझी भागूबाई भर दुपारी पाटावरचा विंचू चिमट्यात धरून अंगणात नेऊन टाकायची आणि तोच चिमटा धुऊन भाकरी उलटायला घ्यायची.

भवानीचं तर विचारूच नका. तुळजापूरची आई, तलवारीचं नाव, दुकानदाराची दिवसाची पहिली विक्री, "अजून भवानी झाली नाही ताई" म्हणणारा भाजीवाला, आणि तीच भवानी मागे 'भोचक' लागला की जिन्यात उभी राहून दुसऱ्याच्या पिशवीत डोकावते. जगदंबा आणि महामाया यांनाही आपण सोडलेलं नाही. "आल्या महामाया!" हे आरतीत म्हणत नाहीत, मोलकरीण उशिरा आली की म्हणतात. पुरुषांत कळीचा नारद आहे खरा, पण तो एकटाच खिंड लढवतोय.

येंटेचं असं कधी झालं, त्याचा माग बऱ्यापैकी लागतो. न्यूयॉर्कमध्ये 'फॉरव्हर्ट्स' नावाचं यिडिश वर्तमानपत्र १८९७ साली सुरू झालं. कपड्यांच्या कारखान्यांत राबणाऱ्या, नव्यानं आलेल्या ज्यू लोकांचा तो पेपर. त्यात जेकब ॲडलर नावाचा विनोदी लेखक 'बी. कोव्हनर' या टोपणनावानं सदर लिहायचा. १९१०च्या पुढेमागे त्यानं एक बाई जन्माला घातली, येंटे टेलेबेंडे. तोंडाळ, कजाग, नवऱ्याला सळो की पळो करून सोडणारी. लोक पोट धरून हसले आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा पेपर विकत घेतला. सदर रंगमंचावरही गेलं. बघता बघता गल्लीतल्या प्रत्येक तोंडाळ बाईला येंटे म्हणू लागले. जगभरच्या विनोदी सदरलेखकांना बायको हा विषय फुकट मिळतो. या गृहस्थानं तिच्यासोबत एक नावही फुकटात संपवलं.

राहिलेलं काम ब्रॉडवेनं केलं. १९६४ साली आलेल्या एका तुफान गाजलेल्या संगीत नाटकात स्थळं जुळवणाऱ्या बाईचं नाव येंटे ठेवलं. झालं, अमेरिकेत अनेकांना आजही वाटतं की येंटा म्हणजे लग्नं जुळवणारी मध्यस्थ. खरं तर यिडिशमध्ये मध्यस्थाला 'शादखन' असा स्वतंत्र, मानाचा शब्द आहे. पण इंग्रजीला एकदा शब्द आवडला की ती मूळ घरी विचारायला जात नाही. शेवटचा 'ए'सुद्धा तिनं बदलून 'आ' केला.

यात एक अडचण होती, आणि ती त्या मैत्रिणीच्या घरातलीही असणार. पूर्व युरोपातल्या ज्यूंमध्ये जिवंत माणसाचं नाव बाळाला ठेवत नाहीत. गेलेल्या आजीचं, पणजीचं ठेवतात, म्हणजे ती नावानं घरात राहते. आता आजीचंच नाव शिवी झालं तर नातीला ते ठेवणार कसं? अमेरिकेत पुष्कळांनी तोडगा काढला तो आद्याक्षराचा. नाव नवं, इंग्रजी, पण पहिलं अक्षर आजीचं. आपल्याकडे नाही का, जन्मनाव पत्रिकेत आणि व्यवहारात त्याच अक्षरावरून काहीतरी छानसं, तसंच. फक्त आपल्याकडे अक्षर नक्षत्र ठरवतं, तिथे आजी.

एवढं सगळं मी मजेत वाचत होते. मग १९३८ साल आलं.

त्या वर्षी १७ ऑगस्टला जर्मनीत नाझी सरकारनं नावांचा फतवा काढला. ज्यूंना ठेवता येतील अशा नावांची सरकारी यादी केली. ज्याचं नाव यादीत नसेल त्यानं १ जानेवारी १९३९पासून नावापुढे आणखी एक नाव जोडायचं, पुरुषांनी इस्राएल आणि बायकांनी सारा. कागदावर नजर टाकताच ज्यू ओळखू यावा, एवढाच हेतू. बायकांच्या यादीत कुणाकुणाला बसवलं होतं? बेयले, गिटल, फेयगले. आणि येंटे. त्या यादीत जर्मन स्पेलिंगनं ती 'जे' अक्षरात आहे. कुलीन, खानदानी, सुस्वभावी. कुठल्यातरी कारकुनानं हे नाव टंकलं असेल तेव्हा ते जरा हास्यास्पद, जरा परकं दिसावं म्हणूनच निवडलं असणार, असं मला राहून राहून वाटतं. न्यूयॉर्कच्या पेपरवाल्यानं नावाची थट्टा केली ती निदान घरातली होती.

त्या युद्धात मारल्या गेलेल्या सुमारे ६० लाख ज्यूंपैकी बहुसंख्य यिडिश बोलणारे होते. किती येंटे होत्या, कोण मोजणार.

पण नाव गेलं नाही. ब्रुकलिनच्या विल्यम्सबर्ग भागात हसिदी ज्यू राहतात. काळे कोट, कानाशी बटा, घरात अजून यिडिश. त्यांच्यात आजही मुलींना फेयगी, ब्लिमी, गिटी म्हणतात, आणि येंटीही. ते लोक ब्रॉडवेला जात नाहीत. आजी येंटे होती म्हणून नात येंटे, एवढाच त्यांचा हिशेब. विनोद नदीपलीकडे मॅनहॅटनमध्ये राहिला आणि नाव इकडे फ्रॉक घालून शाळेत निघालं. मला त्या पोरीची दोन वेण्या घातलेली पाठ दिसते उगीच.

काल पुन्हा रविवार होता. मी लेकीला म्हटलं, "तुझ्या त्या मैत्रिणीला सांग, पणजीच्या नावाचा अर्थ फार चांगला आहे. लपवू नका म्हणावं." मग म्हटलं, आलाच आहे विषय तर विचारून घ्यावं. "पण कुठल्या गावाची होती गं ती? पोलंडची की रशियाची? अमेरिकेत कधी आली? नवरा काय करायचा? मुलं किती? आणि हिचं लग्न झालंय का? नाही, सहज विचारते..."

तिकडे जरा शांतता.

"आई, तू ना अगदी..." म्हणाली आणि तिनं शब्द गिळला.

"म्हण, म्हण," मी म्हटलं. "कुलीन म्हणतेयस ना?"