आमची वाटचाल: काटकोनातले दोन पोलरायझर

जळगावच्या औद्योगिक वसाहतीतल्या आमच्या छोट्या कारखान्यात आज तीन वस्तू तयार होतात: बारावीच्या प्रयोगशाळेसाठी ध्रुवीकरणाचा संच, प्लॅस्टिक आणि काचेतला ताण दाखवणारा पोलॅरिस्कोप, आणि रस, गूळ, साखर तपासायचा पोलॅरिमीटर. तिन्हींचा गाभा एकच. पोलरायझर म्हणजे एकाच दिशेला कंप पावणारा (ध्रुवित) प्रकाश पार करणारा पडदा. असे दोन पोलरायझर एकमेकांशी काटकोनात धरले की प्रकाश अडतो. मधे ठेवलेल्या वस्तूने प्रकाशाच्या कंपनाची दिशा बदलली, तर त्या अंधारात उजेड दिसू लागतो. उपकरणाचा दर्जा तो अंधार किती काळा आहे यावर ठरतो. खानदेशच्या मे महिन्यात तो काळा राखायचा, यातच आमची सगळी सुधारणा झाली.

सुरुवात शाळा-कॉलेजच्या संचापासून झाली. संचातली पोलरायझर फिल्म म्हणजे पॉलिव्हिनाइल अल्कोहोलचा ताणलेला पातळ पडदा. ताणल्यामुळे त्यातल्या रेणूंच्या साखळ्या एका दिशेला लागतात आणि त्यांवर आयोडीन बसवलेलं असतं. ही फिल्म एडविन लँड यांनी १९३८ मध्ये तयार केली. कुंपणाच्या फटीतून दोरीची लाट जाते तसा प्रकाश जातो, असं चित्र वर्गात काढलं जातं. ते इथे उलटं पडतं. साखळीच्या दिशेने कंप पावणारं विद्युत क्षेत्र साखळीवरच्या इलेक्ट्रॉनना हलवतं आणि तिथेच शोषलं जातं. साखळीला आडवं कंप पावणारं क्षेत्र पार होतं. जगदीशचंद्र बोस यांनी एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस रेल्वे वेळापत्रकाच्या जाड पुस्तकाच्या पानांमध्ये कथलाचा वर्ख घालून सूक्ष्मलहरींसाठी पोलरायझर केला, त्यातही तत्त्व हेच होतं. आमच्या संचाच्या माहितीपत्रकात म्हणून कुंपणाचं चित्र नाही.

फिल्म कापताना अक्ष, म्हणजे ज्या दिशेची कंपनं पार होतात ती दिशा, कडेला समांतर हवा. तो शोधायला चकचकीत काळी फरशी पुरते. काचेचा किंवा तशा फरशीचा अपवर्तनांक सुमारे १.५ असतो, म्हणून ब्रूस्टर कोन ५६ अंशांच्या आसपास येतो (पाण्यासाठी ५३). खिडकीचा उजेड त्या कोनात फरशीवरून परतताना जवळपास पूर्ण आडवा ध्रुवित होतो. फिल्म फिरवत जायची. चमक सर्वांत कमी होईल तेव्हा तिचा पार करणारा अक्ष उभा आहे. एवढ्याने दोन-तीन अंशांपर्यंत जाता येतं. त्यापुढे पलटी-चाचणी करावी लागते: कापलेला तुकडा दुसऱ्या पोलरायझरवर पूर्ण काळा होईपर्यंत फिरवायचा आणि मग त्याच कडेभोवती पालथा करायचा. अक्ष कडेला समांतर असेल तर काळा तसाच राहतो. १ अंश चुकला असेल तर पालथं केल्यावर चूक २ अंशांची होते आणि साइन वर्गाच्या हिशोबाने ०.१२ टक्के उजेड गळतो. काळ्यावर एवढी गळती डोळ्याला सहज कळते.

मालसचा नियम सांगतो की दुसऱ्या पोलरायझरमधून पार होणारा उजेड दोघांतल्या कोनाच्या कोसाइनच्या वर्गाप्रमाणे बदलतो. त्याचा प्रयोग बहुतेक ठिकाणी बिघडतो तो मोजणाऱ्या भागामुळे. ३० अंशाला ०.७५, ४५ला ०.५, ६०ला ०.२५ यायला हवं, पण संचात एलडीआर (उजेडानुसार रोध बदलणारा घटक) असेल तर आलेख वाकडाच येतो, कारण त्याचा रोध प्रकाशाच्या सम प्रमाणात बदलत नाही. आम्ही फोटोडायोड (उजेडाच्या प्रमाणात प्रवाह देणारा घटक) देतो आणि त्याचा प्रवाह थेट मायक्रोअँपिअरमध्ये वाचायला सांगतो. लेझर पॉइंटर वापरला तर दुसरी अडचण येते. त्याचा प्रकाश मुळातच बराचसा ध्रुवित असतो, त्यामुळे पहिला पोलरायझर फिरवला की तीव्रता आपोआप वरखाली होते. पहिला घट्ट बसवा, फक्त दुसरा फिरवा. आणि ९० अंशाला येणारा आकडा खोलीतल्या उजेडाचा असतो. तो आधी लेझर झाकून मोजा आणि प्रत्येक वाचनातून वजा करा. संच हातात आल्यावर सकाळी लवकर गच्चीवर जाऊन सूर्यापासून ९० अंशांवरचं निळं आकाश एका फिल्ममधून जरूर बघा. फिल्म फिरवली की आकाश गडद-फिकं होतं, आणि त्याला वीज लागत नाही.

पुढचं पाऊल पोलॅरिस्कोपचं. जळगाव पाइप, ठिबक आणि चटईचं गाव, पण इथे एक गोष्ट आधीच सांगतो: ठिबकची काळी नळी पोलॅरिस्कोपमध्ये काही दाखवत नाही. त्यात कार्बन ब्लॅक असतो, प्रकाश आरपार जातच नाही. उपयोग होतो तो पारदर्शक भागांना: फिल्टरचं पॉलिकार्बोनेटचं भांडं, ॲक्रिलिकची शीट, पॉलिस्टायरीनचे डबे, काचेच्या बाटल्या.

ताण पडला की पारदर्शक पदार्थ थोडा द्विअपवर्ती होतो, हे डेव्हिड ब्रूस्टर यांनी एकोणिसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकात काचेत पाहिलं. दोन कंपनदिशांच्या वेगात फरक पडतो आणि एक लाट दुसरीच्या मागे राहते. हा मागेपणा म्हणजे ताणातला फरक, जाडी आणि पदार्थाचा ताण-प्रकाश गुणांक यांचा गुणाकार. गुणांक ध्यानात घेतला नाही तर निष्कर्ष चुकतो. काचेसाठी तो साधारण २.७ ब्रूस्टर (हे या गुणांकाचं एकक), ॲक्रिलिकसाठी ४ च्या आसपास (चिन्ह उलटं), पॉलिकार्बोनेटसाठी सुमारे ८०. आता ३ मिलिमीटर जाडीत ५ मेगापास्कल ताण धरा. काचेत मागेपणा ४० नॅनोमीटर, ॲक्रिलिकमध्ये ६०, पॉलिकार्बोनेटमध्ये १२००. म्हणजे त्याच ताणाला पॉलिकार्बोनेट इंद्रधनुष्यासारखं रंगतं आणि ॲक्रिलिक जेमतेम राखाडी दिसतं. मोल्डिंगवाले रंग पाहून पॉलिकार्बोनेटचा माल बाजूला काढतात आणि राखाडी ॲक्रिलिक पुढे पाठवतात. ते ॲक्रिलिक पुढे चिकटवताना सॉल्व्हेंट लागताच केसासारखं तडकतं.

म्हणून आमच्या प्रत्येक यंत्रात टिंट प्लेट सरकवायची खाच असते. ही प्लेट आपल्याकडून ५६५ नॅनोमीटरच्या आसपासचा मागेपणा घालते, त्यामुळे रिकामं क्षेत्र जांभळं दिसतं. डोळ्याला या जागी रंगातला बदल सर्वांत लवकर कळतो. ३०-४० नॅनोमीटरची भर पडली तर जांभळा निळ्याकडे जातो, घट झाली तर तांबड्या-नारिंगीकडे. ज्या राखाडीत काहीच कळत नव्हतं, तिथे ताण कुठे आणि कोणत्या दिशेचा आहे ते दिसतं.

रचनेत क्रम असा: एलईडी पॅनेल, उजेड पसरवणारा दुधी डिफ्यूजर, पोलरायझर, पाव-तरंग पट्टी (एका कंपनदिशेला पाव तरंगलांबीने मागे टाकणारी), जॉब म्हणजे तपासायचा भाग, दुसरी पाव-तरंग पट्टी, ॲनालायझर म्हणजे दुसरा पोलरायझर. डिफ्यूजर पोलरायझरच्या आधीच हवा. नंतर ठेवला तर ध्रुवीकरण विस्कटतं आणि काळा राखाडी होतो. दुरुस्तीला आलेल्या यंत्रांत आणखी एक चूक वारंवार दिसते: फिल्मला ओरखडा पडू नये म्हणून कुणीतरी जॉबच्या बाजूने ॲक्रिलिक शीट किंवा टफन्ड काच लावलेली असते. त्या दोन्हींत स्वतःचाच ताण असतो आणि तो प्रत्येक जॉबच्या चित्रात मिसळतो. संरक्षणाला साधी फ्लोट काच घ्या आणि ती पोलरायझरच्या मागे, पॅनेलच्या बाजूला बसवा.

पाव-तरंग पट्ट्या का, हेही सांगायला हवं. त्या नसतील तर ताणाची दिशा पोलरायझरच्या अक्षाला समांतर असलेल्या प्रत्येक जागी काळा पट्टा येतो, आणि नवखा माणूस तिथे ताण नाही असं समजतो. जॉब ४५ अंश फिरवला की तो पट्टा सरकतो आणि खोटा ठरतो. पट्ट्या लावल्या की हे पट्टे जातात. मात्र १४० नॅनोमीटरची साधी पट्टी ५६० नॅनोमीटरच्या हिरव्या-पिवळ्या प्रकाशालाच तंतोतंत बसते, लाल-निळ्याला थोडी चुकते. एकाच पदार्थाच्या पट्ट्या ठरावीक कोनांत जोडून ही चूक कमी करता येते, हे बंगळूरच्या रामन संशोधन संस्थेत शिवरामकृष्णन पंचरत्नम यांनी १९५५ मध्ये दाखवलं. तशी जोडणी आमच्या साध्या यंत्राच्या किमतीत बसत नाही. लघू उद्योगाला टिंट प्लेट जास्त कामाची आहे, असं आमचं मत.

वाचन करताना दोन गोष्टी सांभाळा. एक, गेटजवळचे (वितळलेला माल साच्यात शिरतो त्या जागेजवळचे) रंग ॲनिलिंगनंतरही, म्हणजे ताण सोडवायला भाग तापवून ठेवल्यावरही, उरतात. तो सगळा ताण नसतो. वितळलेला माल वाहताना रेणू एका दिशेला लागून तसेच गोठतात, त्यानेही द्विअपवर्तन येतं. ॲक्रिलिक ८० अंशाला (जाडी मिलिमीटरमध्ये भागिले ४ इतके तास, पण किमान दोन, मग हळूहळू थंड) किंवा पॉलिकार्बोनेट १२० ते १२५ अंशाला ठेवलं तर ताण सुटतो, रेणूंची मांडणी तशीच राहते. म्हणून एकाच भागाचं ॲनिलिंगच्या आधीचं आणि नंतरचं चित्र शेजारी ठेवून बघा. दोन, साल दाबात आणि गाभा ओढीत असेल तर समोरून पाहताना दोन्ही एकमेकांना खोडतात आणि भाग निर्दोष दिसतो. अशा वेळी १० मिलिमीटरची पट्टी कापून कडेने पाहा. प्लॅस्टिकमध्ये बसवलेल्या पितळी तुकड्याच्या, म्हणजे इन्सर्टच्या, भोवतालचा ताण मात्र समोरूनच दिसतो. इन्सर्ट थंड असताना मोल्डिंग केलं तर तिथला घेरा हमखास रंगतो आणि तेल किंवा सीलंट लागल्यावर तिथूनच चीर जाते.

आमच्या पोलॅरिस्कोपच्या पहिल्या पेटीची खरी परीक्षा उन्हाळ्याने घेतली. बाहेर ४५ अंश, पत्र्याच्या शेडमध्ये त्याहून जास्त, त्यात एलईडीची उष्णता. चिकटवलेल्या फिल्मखाली बुडबुडे आले, कडांपासून आयोडीनचा रंग बदलला आणि काटकोनात ठेवूनही मधूनच रंगीत उजेड डोकावू लागला. आता ड्रायव्हर (एलईडीला वीज पुरवणारा भाग) पेटीच्या बाहेर असतो, पॅनेल आणि फिल्ममध्ये २५ मिलिमीटर अंतर आहे, वर-खाली हवेच्या फटी आहेत, आणि फिल्म चिकटवण्याऐवजी चौकटीत सैल दाबलेली असते, म्हणजे ती फुगायला मोकळी राहते. रंगद्रव्यावर बनवलेली फिल्म उष्णता जास्त सोसते, पण तिचा काळा आयोडीनच्या फिल्मइतका गडद नसतो. ती फक्त ओव्हनजवळ बसणाऱ्या यंत्रांना लावतो.

पोलॅरिमीटर सगळ्यांत शेवटी आला, आणि सर्वांत नाजूक तोच आहे. साखरेचं द्रावण ध्रुवित प्रकाशाचं कंपनप्रतल फिरवतं. शुद्ध साखर २६ ग्रॅम, द्रावण १०० मिलिलिटर, नळी २०० मिलिमीटर, तापमान २० अंश, सोडियमचा ५८९ नॅनोमीटरचा पिवळा प्रकाश: फिरणं ३४.६ अंश, आणि साखरेच्या मापपट्टीवर तेच १००. सोडियम दिव्याऐवजी पिवळा एलईडी लावला की यंत्र स्वस्त होतं. पण फिरण्याचं प्रमाण तरंगलांबीच्या वर्गाच्या जवळपास व्यस्त असतं, म्हणून १ नॅनोमीटर सरकला तर वाचन ०.३४ टक्के बदलतं. एलईडीचा रंग तापमानाच्या प्रत्येक अंशाला साधारण ०.१ नॅनोमीटर लांब तरंगाकडे सरकतो. २० अंशाला जुळवलेलं यंत्र ४० अंशाला चालवलं तर २ नॅनोमीटर, म्हणजे ३४.६ मधले सुमारे ०.२४ अंश गेले. २० अंशाला भरलेलं द्रावण ४० अंशाला पाण्याच्या घनतेनुसार ०.६ टक्के फुगतं, म्हणजे आणखी ०.२१ अंश. दोन्ही चुका एकाच बाजूच्या. मिळून मापपट्टीवर १.३ ने साखर कमी दिसते. आता आम्ही एलईडीपुढे ५८९ नॅनोमीटरचा अरुंद फिल्टर लावतो आणि नळीला पाण्याचं जॅकेट देतो. वातानुकूलित खोली नसेल तर निदान भरण्याचं आणि वाचण्याचं तापमान एक ठेवा.

उसाच्या बाबतीत उन्हाचा आणखी एक परिणाम आहे. तोडून पडलेल्या उसातली साखर फुटून ग्लुकोज आणि फ्रुक्टोज होते. ग्लुकोज उजवीकडे फिरवतं (विशिष्ट घूर्णन, म्हणजे ठरावीक प्रमाण आणि नळी धरून काढलेलं फिरणं, +५२.७ अंश), फ्रुक्टोज त्याहून जोरात डावीकडे (−९२), त्यामुळे मिश्रण उलटं फिरवतं आणि वाचन खऱ्या साखरेपेक्षाही खाली येतं. गुळाचा आकडा म्हणून एकट्या पोलॅरिमीटरवर ठरवू नये. शुद्ध ग्लुकोज तपासताना ताजं द्रावण वाचू नका. ते ११२ च्या आसपास सुरू होऊन काही तासांनी ५२.७ वर स्थिरावतं. थेंबभर अमोनिया घातला तर लवकर स्थिरावतं.

शून्य सरकल्याची तक्रार आली की आम्ही आधी नळीचं झाकण किती घट्ट आहे ते विचारतो. झाकण जोराने आवळलं की टोकाच्या काचेवर ताण येतो, काच द्विअपवर्ती होते आणि रिकाम्या नळीचंही वाचन शून्य येत नाही. नळीत पाणी भरा, झाकण बोटांनी टेकेल इतकंच फिरवा, बुडबुडा नळीच्या फुगवट्यात ढकला आणि शून्य पाहा. झाकण पाव फेरा सैल केल्यावर शून्य हललं, तर दोष काचेवरच्या दाबाचा आहे, यंत्र उघडायची गरज नाही. तरीही नाही जुळलं तर क्वार्ट्झची प्रमाणित पट्टी (जिचं फिरणं आधीच माहीत असतं) घालून वाचा. तिचा आकडा बरोबर आला तर चूक द्रावणात आहे.