बँक हॉलिडेच्या दिवशी एव्हबरीत

सोमवार, २६ ऑगस्ट २०२४, स्विंडन, इंग्लंड

आज गोकुळाष्टमी. सकाळी बाळकृष्णाला लोणी-साखरेचा नैवेद्य दाखवला आणि लेकीबरोबर बसने एव्हबरीला, तिथले प्राचीन उभे दगड बघून आले. तिला सुट्टी होती. इथे ऑगस्टचा शेवटचा सोमवार म्हणजे बँक हॉलिडे.

मी तेहतीस वर्षं बँकेत काढली, पण ही सुट्टी कुणी आणली हे कधी विचारलं नव्हतं. लेकीने बसमध्ये सांगितलं, सर जॉन लबॉक. आणि आपण जे दगड बघायला चाललोय, तेही त्यांच्यामुळेच उरलेत म्हणाली. जेवणं झाल्यावर त्यांच्याबद्दल वाचत बसले, त्याला आता तीन तास होऊन गेले. झोप येत नाही म्हणून लिहून ठेवते.

जन्म १८३४चा, घरची बँक. लहान असताना वडील एकदा म्हणाले, तुझ्यासाठी चांगली बातमी आहे. पोराला वाटलं, तट्टू मिळणार. बातमी अशी होती की चार्ल्स डार्विन शेजारच्या डाउन गावात राहायला येतायत. पोर हिरमुसलं. पण पुढे हाच मुलगा डार्विनकडे जाऊन-येऊन निसर्ग बघायला शिकला. शाळा अर्धवट सोडून पंधराव्या वर्षाच्या आतच वडिलांच्या बँकेत बसला. विद्यापीठाचं तोंडही पाहिलं नाही. तरी १८८२ मध्ये वेस्टमिन्स्टर ॲबेत डार्विनची शवपेटी धरणाऱ्यांत तो होता.

१८७० मध्ये लबॉक मेडस्टनहून लिबरल पक्षातर्फे पार्लमेंटवर निवडून आले आणि दुसऱ्याच वर्षी सुट्टीचा कायदा करून घेतला. त्याची युक्ती आमच्या धंद्यातली, म्हणून मला फार आवडली. बँक बंद ठेवली तर त्या दिवशी मुदत भरणाऱ्या हुंडीचं, म्हणजे ठरल्या तारखेला पैसे देण्याच्या लेखी कागदाचं, काय? लबॉकनी लिहून टाकलं की ती दुसऱ्या दिवशी देय. मग बँक बंद ठेवायला अडचण उरली नाही आणि बँकेपाठोपाठ दुकानं, कचेऱ्याही बंद होऊ लागल्या. आपल्याकडे हुंडी-चेकच्या १८८१च्या कायद्याच्या पंचविसाव्या कलमात नेमकं उलट आहे, सुट्टी आली की हुंडी आदल्या कामाच्या दिवशी देय. नोकरीत परीक्षेसाठी हे कलम पाठ केलं होतं. आज इतक्या वर्षांनी त्याची इंग्रजी चुलत बहीण भेटली.

दुकानातल्या पोरांसाठीही ते असेच भांडत राहिले. १८८६चा कायदा झाला तेव्हा अठरा वर्षांखालच्यांचं काम आठवड्याला ७४ तासांवर आणलं, तेही जेवणाचा वेळ धरून. ७४ तास ही कपात होती, हे वाचून मी दोनदा आकडा तपासला.

आता दगडांबद्दल.

एव्हबरीत दगडांचं कडं इतकं मोठं आहे की त्याच्या आत गावातली घरं आहेत, रस्ता आहे, आमची बसही तिथेच थांबली. बाहेर खोल खंदक. कुंपण नाही, जवळ जाऊन दगडाला हात लावता येतो. मी लावला. खडबडीत, गार, माझ्या दुप्पट उंच. चार हजारांहून जास्त वर्षं झाली हे उभे करून. मधे मधे दगडांऐवजी काँक्रीटचे छोटे खांब दिसतात. तिथला दगड गेलेला. खाली गवत पेटवून दगड तापवायचा, वर गार पाणी ओतायचं, तडकला की घणाने फोडायचा आणि घराच्या भिंतीला लावायचा. सतराव्या-अठराव्या शतकात लोकांनी हेच केलं. मधल्या जुन्या घरांच्या भिंती बघताना तेच दगड दिसत राहतात.

१८७१ मध्ये लबॉकना कळलं की या जागेवर घरं बांधायला जमिनीचे तुकडे पडतायत. त्यांनी जमीन विकत घेतली. भाषण नाही, अर्ज नाही, आधी पैसे मोजले. मग १८७३ मध्ये पार्लमेंटात विधेयक आणलं. ते पडलं. पुन्हा आणलं, पुन्हा पडलं. विरोध एकच होता, माझ्या जमिनीतल्या दगडाचं काय करायचं हे सरकारने का ठरवावं? अखेर १८८२ मध्ये प्राचीन स्मारकांचा कायदा झाला तेव्हा त्याचे दात काढून घेतलेले होते. यादीत ६८ ठिकाणं, आणि मालकाने राजीखुशीने सोपवलं तरच सरकार सांभाळणार. नऊ वर्षं झगडून एवढंच हाती आलं. तरी त्यांनी ते घेतलं. १९०० मध्ये उमराव झाले तेव्हा लॉर्ड एव्हबरी हे नाव लावलं. मला वाटतं, ते नाव त्यांनी कमावलेलं होतं.

मुंग्यांवरही त्यांनी वर्षानुवर्षं प्रयोग केले, काचेच्या वारुळात पाळून, अंगावर रंगाचा ठिपका लावून. त्यांच्याकडची एक राणी मुंगी चौदा वर्षांहून जास्त जगली. एवढा धीर असलेल्या माणसाला पार्लमेंटची नऊ वर्षं काय वाटणार!

पण एक गोष्ट घशात अडकली. शाळेत आपण शिकतो ते पुराश्मयुग आणि नवाश्मयुग, हे भाग पाडून त्यांना नावं दिली ती लबॉकनीच, १८६५च्या पुस्तकात. त्याच पुस्तकात साम्राज्याच्या टोकांवरच्या जिवंत माणसांना त्यांनी 'रानटी' म्हणून अश्मयुगाच्या रांगेत बसवलंय. दगडांबद्दल इतकी माया असलेल्या माणसाला त्या माणसांची वेदना दिसली नाही. हे मी त्यांना माफ करू शकत नाही, आणि एव्हबरीचं ऋणही विसरू शकत नाही.

आणि खरं कारण, झोप न येण्याचं. माझं माहेर नेवासे तालुक्यात. प्रवरेच्या काठी पुराश्मयुगाची हत्यारं सापडली, तो भाग. आमच्या मारुतीच्या देवळामागे एक वीरगळ होता, लढाईत पडलेल्या वीराच्या आठवणीचा कोरीव दगड. खाली लढणारा वीर, वर त्याला नेणाऱ्या अप्सरा, माथ्यावर चंद्र-सूर्य. मी सात-आठ वर्षांची असताना आमचा गोठा बांधला आणि जोत्याला दगड कमी पडला. वीरगळ आमच्याच बैलगाडीतून आला. चंद्र-सूर्यावरून मी बोट फिरवत होते तेवढ्यात गवंड्याने मला बाजूला केलं आणि घण घातला. कुणाला काही वाटलं नाही. आजोबांनाही नाही, आणि ते रोज देवळात जायचे.

मघाशी चुलतभावाला फोन लावला. तिकडे रात्रीचे दोन वाजले असतील, तरी उचलला. म्हणाला, "ताई, गोठा पडला कधीच. जोतं हाय अजून, पण गवत माजलंय गुडघाभर." वीरगळ म्हटल्यावर त्याला काही आठवेना. चंद्र-सूर्याचा दगड म्हटल्यावर गप्प झाला, मग म्हणाला, पोळा होऊ दे, पुढच्या सोमवारीच आहे, मग गवत काढून बघतो.