बलरेषेवरून न चालणारा कण

विद्यार्थिदशेतील एका उत्तरपत्रिकेची आठवण माझ्या मनात अजूनही ताजी आहे. एक धन आणि एक ऋण असे दोन समान विद्युतप्रभार थोड्या अंतरावर पक्के बसवलेले होते, त्यांच्यामधील बलरेषा, म्हणजे प्रत्येक बिंदूपाशी विद्युत क्षेत्राची दिशा दाखवणाऱ्या रेषा, आकृतीत काढून दिल्या होत्या, आणि त्यांपैकी एका वाकड्या रेषेवर स्थिर अवस्थेत सोडलेला प्रोटॉन कोणत्या मार्गाने जाईल, एवढेच दाखवायचे होते. मी पेन्सिलीला नीट टोक काढून दिलेलीच रेषा ठळक गिरवली. उत्तरपत्रिका परत आली तेव्हा त्या सुबक रेषेवर तांबडी फुली होती आणि शेजारी शिक्षकांनी लिहिले होते, ‘ही रेषा आहे, रूळ नव्हे.’

त्या वेळी मला ते पटले नव्हते. क्षेत्राची दिशा म्हणजे धन प्रभारावरील बलाची दिशा, असे पाठ करून गेलो होतो. मग बल जिकडे नेईल तिकडे कण जाणार, यात चुकीचे काय, असा माझा रोकडा प्रश्न होता. पुढे मी स्वतः शिकवू लागलो तेव्हा ध्यानात आले की दर वर्षी वर्गातील बहुतेक जण हाच प्रश्न विचारतात, आणि हुशार विद्यार्थी तो अधिक आत्मविश्वासाने विचारतात.

विद्युत क्षेत्र आपल्याला सांगते ते फार थोडे असते. एखाद्या बिंदूपाशी एकक प्रभार ठेवला, तर त्यावर किती आणि कोणत्या दिशेने बल लागेल, एवढाच त्याचा निरोप. कणाचा वेग किती, तो आला कुठून, याची विचारपूस क्षेत्र करत नाही. चुंबकीय क्षेत्राचे तसे नसते. ते स्थिर प्रभाराला मुळीच ढकलत नाही आणि गतिमान प्रभाराला वेगाच्या काटकोनात ढकलते. विद्युत क्षेत्रातील बल स्थिर व गतिमान कणांवर सारखेच असते. मात्र त्या बलातून मिळते ते त्वरण, म्हणजे वेगातील बदल; आणि वेगातील बदलाची दिशा व वेगाची दिशा या दोन गोष्टी एकच असतील असे कोणीही आश्वासन दिलेले नाही.

माझ्या आकृतीतील चूक दोन वाक्यांत सिद्ध करता येते. वाकड्या मार्गाने जाणाऱ्या प्रत्येक वस्तूला वळण घेण्यासाठी मार्गाला काटकोनात असलेले बल लागते, आणि बलरेषेवर तर सगळे बल रेषेच्या स्पर्शिकेच्याच दिशेने असते. त्यामुळे प्रोटॉन पहिल्या क्षणी रेषेच्या दिशेने निघतो, पण रेषा वळली की तो तिच्या बाह्य बाजूला सरकतो. रेषा सरळ असेल आणि कण स्थिर अवस्थेतून किंवा त्या रेषेच्याच दिशेने सुटला असेल, तरच दोघांचा मार्ग एक होतो.

येथे एक छोटी गंमत सांगण्याचा मोह आवरत नाही. निर्वातात, स्थिर विद्युत क्षेत्रात, एकाच बिंदूपाशी स्थिर सोडलेला प्रोटॉन आणि त्याच्यापेक्षा सुमारे २३ पट जड असलेला सोडियमचा धन आयन (इलेक्ट्रॉन गमावल्याने प्रभारित झालेला अणू) यांचे मार्ग तंतोतंत सारखे असतात. वस्तुमानाने फरक पडतो तो केवळ वेळेत. म्हणूनच विद्युत क्षेत्राने पळवलेले आयन वस्तुमानानुसार वेगळे करायचे असतील, तर एक तर मदतीला चुंबकीय किंवा सतत बदलणारे विद्युत क्षेत्र घ्यावे लागते किंवा ते आयन ठरावीक अंतर किती वेळात कापतात हे मोजावे लागते. समान विभवांतरातून (दोन बिंदूंमधील व्होल्टच्या फरकातून) आलेल्या एकेरी प्रभाराच्या हेलियम आयनाला प्रोटॉनच्या साधारण दुप्पट वेळ लागतो, कारण वेळ वस्तुमानाच्या वर्गमुळाच्या प्रमाणात वाढतो.

आता परिमाणांकडे वळू, कारण त्यांच्यावाचून या विषयाची धग जाणवत नाही. केवळ १ व्होल्टच्या विभवांतरातून गेलेल्या इलेक्ट्रॉनची चाल सेकंदाला सुमारे ५९३ किलोमीटर होते. निरभ्र हवामानात जमिनीलगत मीटरला साधारण १०० व्होल्ट एवढे विद्युत क्षेत्र असतेच. आपल्याला त्याचा पत्ताही लागत नाही, पण मोकळ्या इलेक्ट्रॉनला ते गुरुत्वाकर्षणाच्या सुमारे १.८ लाख कोटी पट त्वरण देऊ शकेल. तो प्रत्यक्षात तसा सुसाट सुटत नाही, कारण हवेच्या रेणूंवर आदळल्यावाचून त्याला फार पुढे जाताच येत नाही. ही रेणूंची आडकाठी ध्यानात ठेवावी. तिच्याकडे परत यायचे आहे.

१८८३ मध्ये हाइनरिख हर्ट्‌झ यांनी हवा विरळ केलेल्या नळीतील कॅथोड किरण, म्हणजे आजच्या भाषेत इलेक्ट्रॉनांचा झोत, दोन प्रभारित पट्ट्यांमधून सोडून पाहिले, आणि ते वळलेले त्यांना दिसले नाहीत. त्यावरून हे किरण प्रभारित कणांचे नसावेत, असा त्यांचा ग्रह झाला. १८९७ मध्ये जे. जे. थॉमसन यांनी नळीतील हवा अधिक कसोशीने काढून तोच प्रयोग केला आणि किरण वळले. हर्ट्‌झ यांच्या नळीत उरलेल्या विरळ वायूचे किरणांमुळे आयनीभवन होत होते आणि ते आयन पट्ट्यांपाशी जमून क्षेत्र जवळजवळ पुसून टाकत होते. मला हा प्रसंग फार बोधक वाटतो, कारण क्षेत्र कणांना हलवते हे आपण शिकतो, पण हललेले कण उलट क्षेत्रालाच बदलतात, हे पाठ्यपुस्तकाच्या तळटिपेतही क्वचितच येते.

अशा पट्ट्यांमधील इलेक्ट्रॉनचा मार्ग म्हणजे माझ्या जुन्या चुकीचा चोख प्रतिवाद आहे. १,००० व्होल्टने वेग दिलेला इलेक्ट्रॉन ५ सेंटिमीटर लांबीच्या पट्ट्यांमध्ये आडवा शिरला आणि तेथे मीटरला १०,००० व्होल्ट क्षेत्र असेल, तर बाहेर पडेपर्यंत तो सुमारे ६ मिलिमीटर सरकलेला असतो. बलरेषा एका पट्टीपासून दुसरीपर्यंत उभ्या, आणि कण मात्र अन्वस्ताच्या (पॅराबोलाच्या) वक्रावरून त्यांना एकामागून एक छेदत जातो. याच वेळात गुरुत्वाकर्षणामुळे तो जेवढा खाली येतो ते अंतर प्रोटॉनच्या व्यासापेक्षाही कितीतरी कमी भरते, त्यामुळे त्या आकडेमोडीत वजनाचा विचार सोडून दिला तरी चालते. थॉमसन यांनी विद्युत व चुंबकीय क्षेत्रे एकमेकांना काटकोनात लावून किरण पुन्हा सरळ आणले. तसे झाले की कणाची चाल ही दोन क्षेत्रांच्या गुणोत्तराएवढी असते, आणि ती कळल्यावर प्रभार व वस्तुमान यांचे गुणोत्तर काढता येते.

इतके झाल्यावर माझी ती गिरवलेली रेषा कायमची निकालात निघायला हवी होती. तसे झाले नाही, आणि हेच सांगण्यासाठी मी लिहायला बसलो.

तांब्याच्या तारेचा विचार करा. तारेत इलेक्ट्रॉन मोकळे असले, तरी स्फटिकाची कंपने आणि त्यातील दोष यांच्यावर ते साधारणपणे, सेकंदाचे ४० लाख कोटी भाग केले तर त्यातील एका भागाएवढ्या अवधीत एकदा, आपटत असतात, आणि प्रत्येक आघाताबरोबर क्षेत्राने दिलेला वेग हरवून बसतात. अशा परिस्थितीत सरासरी वेग क्षेत्राच्या प्रमाणात ठरतो आणि त्याची दिशाही क्षेत्राच्या दिशेला (इलेक्ट्रॉन ऋण असल्याने अगदी उलट) बांधलेली राहते. तार वळली, की तिच्या पृष्ठभागावर साचलेले प्रभार आतील क्षेत्रालाही वळवतात, आणि इलेक्ट्रॉनांचा प्रवाह ते वळण निमूटपणे घेतो. १ चौरस मिलिमीटर छेदाच्या तारेतून १ अँपिअर धारा जात असताना हा सरकण्याचा वेग सेकंदाला जेमतेम ०.०७ मिलिमीटर असतो. एक मीटर अंतर जायला पावणेचार तास लागतात. दिवा तरीही लगेच लागतो, कारण क्षेत्राची वार्ता तारेतून प्रकाशाच्या वेगाशी तुलना व्हावी इतक्या वेगाने पसरते आणि तारेतील सगळेच इलेक्ट्रॉन जागच्या जागी सरकू लागतात.

म्हणजे माझे उत्तर तांब्यापुरते बरोबर होते. फॉस्फेट गटांमुळे ऋण प्रभार असलेले डीएनएचे तुकडे जेलमधून धन अग्राकडे सरकतात, तेथेही ते बरोबर ठरते. रॉबर्ट मिलिकन यांनी १९०९ पासून पुढे ज्या तेलाच्या थेंबांवर प्रयोग केले, त्यांच्या बाबतीतही ते जवळपास बरोबर होते : सुमारे एक मायक्रोमीटर त्रिज्येचा थेंब हवेत सोडला, की सेकंदाच्या लाखाव्या भागाच्या आसपासच त्याचा अंतिम वेग ठरून जातो, आणि त्यानंतर त्याचा वेग म्हणजे वजन व विद्युत बल यांच्या बेरजेचे सरळ प्रतिबिंब असते. मिलिकन यांना प्रभाराचे मूल्य काढता आले ते याच सोयीमुळे. निर्वातातील थेंबाने त्यांना असे सहज मोजू दिले नसते.

फरक आहे तो माध्यमाचा, क्षेत्राचा नाही. कणाला स्वतःची आधीची गती किती काळ आठवते, यावर सारे अवलंबून असते. आठवण पुसणारे माध्यम असेल, तर कण रेषेवरून चालतो. ते नसेल, तर जडत्व कणाला रेषेबाहेर घेऊन जाते. पाठ्यपुस्तके निर्वातातील प्रोटॉन आणि तारेतील इलेक्ट्रॉन हे दोन वेगवेगळ्या प्रकरणांत ठेवतात आणि मधला हा दुवा सांगत नाहीत, ही माझी जुनी तक्रार आहे.

या जडत्वाचा सर्वांत सुंदर उपयोग मला आयन-सापळ्यात, म्हणजे आयन निर्वातात एका जागी धरून ठेवणाऱ्या उपकरणात, दिसतो. रिकाम्या जागेत बलरेषा कोठेही संपत नाहीत, त्यामुळे चोहोबाजूंनी आत येणाऱ्या रेषांचा बिंदू तेथे तयार करता येत नाही. एका दिशेने रेषा आत येत असल्या, तर दुसऱ्या दिशेने त्यांना बाहेर जावेच लागते. सॅम्युअल अर्नशॉ यांनी १८४२ मध्ये मांडलेल्या प्रमेयाचा आशय हाच, की केवळ स्थिर विद्युत क्षेत्राने प्रभार एका जागी स्थिरपणे धरून ठेवता येत नाही. वोल्फगांग पॉल यांनी १९५० च्या दशकात यावर तोडगा काढला, आणि १९८९ च्या भौतिकीच्या नोबेल पारितोषिकात त्यांचा वाटा होता. त्यांनी क्षेत्राची दिशा सेकंदाला लक्षावधी वेळा उलटसुलट केली.

वरवर पाहता यातून काहीच साधू नये, कारण बल जेवढा वेळ आत ढकलते तेवढाच वेळ बाहेरही ढकलते. परंतु निर्वातातील आयन बलाच्या मागोमाग जात नाही. त्याचे सूक्ष्म आंदोलन बलाच्या नेमके उलट असते. बल बाहेरच्या दिशेने सर्वाधिक असते, त्या क्षणी आयन आंदोलनाच्या आतल्या टोकाला असतो, जेथे क्षेत्र जरा क्षीण आहे. बल आतल्या दिशेने सर्वाधिक असते, तेव्हा तो बाहेरच्या टोकाला असतो, जेथे क्षेत्र जरा तीव्र आहे. प्रत्येक आवर्तनात आत येण्याकडे थोडीशी शिल्लक उरते, आणि त्या शिलकीच्या बळावर एकटा आयन दीर्घकाळ जागेवर राहतो. आजची काही अत्यंत अचूक अणुघड्याळे अशाच आयनांवर चालतात. माझ्या उत्तरपत्रिकेतील आज्ञाधारक, जडत्व नसलेला प्रोटॉन त्या सापळ्यात ठेवला असता, तर तो प्रत्येक आवर्तनात जेवढा बाहेर गेला असता तेवढाच आत परतला असता, आणि केंद्राकडे एक केसभरही सरकला नसता.