आवाज वाढवायचा नाही

युक्रेनमधल्या खारकीवमध्ये सायरन बऱ्याचदा धमाक्यानंतर वाजतो. रशियाची सीमा ३०-४० किलोमीटरवर. तिकडून सुटलेलं क्षेपणास्त्र मिनिटभरात शहरावर येतं, मग इशारा द्यायला वेळ उरतो कुठे? मी साउंड रेकॉर्डिस्ट आहे. नोव्हेंबर २०२४मध्ये या शहरात काम करताना हा उलटा क्रम कानांना सवयीचा करून घ्यावा लागला.

आमची दिग्दर्शिका इथलीच. पोलंडमध्ये वूचच्या फिल्म स्कूलला आम्ही एकत्र शिकलो. मार्च २०२२मध्ये खारकीवची माणसं मेट्रो स्टेशनांत मुक्कामाला होती, तेव्हा तिथेच एक शास्त्रीय मैफल झाली आणि तिचे व्हिडिओ जगभर फिरले. "मैफल सगळ्यांनी पाहिली," ती मला म्हणाली, "त्यानंतर रोजची तालीम कशी होते ते कोणी बघायला आलं नाही." तेवढ्यावर मी तिच्या या तालमीवरच्या चित्रपटाला हो म्हटलं. पुण्याहून आईचा फोन आला, "तिथून तर आपली पोरं पायी निघाली होती ना रे?" हो, तेच खारकीव. २ मार्च २०२२ला दूतावासाचा आदेश आला आणि भारतीय विद्यार्थी पिसोचिनकडे चालत निघाले; त्यांत मराठी मुलंही होती.

तालीम रेकॉर्ड करायची होती त्या दिवशी सकाळी डेर्झप्रोमवरून गेलो. १९२८ साली पूर्ण झालेली ही काँक्रीटची अवाढव्य इमारत. ऑक्टोबरच्या शेवटी तिच्यावर बॉम्ब पडला होता. मी सवयीनं थांबलो. दिग्दर्शिका थांबली नाही. मे महिन्यात फाक्तोर-द्रुक छापखान्यावर हल्ला झाला, सात कामगार गेले, हजारो पुस्तकं जळाली, तेव्हा ती कॅमेरा घेऊन तिथे पोचली होती. ते चित्रण तिच्याकडे आहे, पण या चित्रपटात नाही. जळलेली पानं दाखवणारे पुष्कळ आहेत, असं तिचं म्हणणं.

तालमीची जागा म्हणजे एका इमारतीचं तळघर. पत्ता सांगत नाही, तिथे अजून तालमी होतात. चौदा-पंधरा तंतुवादक, अंगात कोट, चेलोवाल्या आजोबांच्या हातांत बोटं कापलेले मोजे. थंडीनं तारा सारख्या बेसूर होत होत्या. हीटर लावावा तर त्याच्या पंख्याची घरघर, बंद करावा तर बोटं वळेनात. बाहेर जनरेटर. मी एरवी पहिलं काम करतो ते सगळ्यांचे फोन बंद करायला लावायचं. इथे ते तोंडातून काढायचीही सोय नव्हती. तळघरात इशारा फोनवरच येतो, आणि एका व्हायोलिनवाल्या बाईंचा मुलगा त्या वेळी मेट्रो स्टेशनातल्या वर्गात बसलेला होता.

संथ चालीची रचना चालू होती. मधेच मीटरचा काटा उडाला. हेडफोनमध्ये आला तो कानठळ्या बसवणारा वगैरे आवाज नव्हता. जमिनीतून आलेला जाड, खोल ठोका, खुर्चीच्या पायांतून अंगात शिरणारा. चार-पाच सेकंदांनी पंधराच्या पंधरा फोन एकदम कोकलले. वाजवणं थांबलं. प्रत्येकानं फोन उचलला, काहीतरी टाइप केलं. त्या बाई मात्र लिहून थांबल्या नाहीत, उत्तर येईपर्यंत स्क्रीनकडे बघत राहिल्या. उत्तर आलं. त्यांनी व्हायोलिन पुन्हा हनुवटीखाली घेतलं.

आणि मग भांडण लागलं. थांबलो त्या जागेवरून उचलायचं, तर पहिल्या स्वराला गज वर न्यायचा की खाली? चेलोवाले आजोबा म्हणे खाली, वजन येतं. पहिलं व्हायोलिन वाजवणारा तरुण म्हणे वर, नाहीतर पुढचा सूर दाबला जातो. दोघांनी वाजवून दाखवलं. मागच्या रांगेनं बाजू घेतल्या. कोणीतरी पेन्सिलीनं खूण केली, दुसऱ्यानं खोडली. मी दिग्दर्शिकेकडे पाहिलं, थांबू का? तिनं बोट गरागरा फिरवलं: चालू ठेव. भाषा मला अर्धवटच कळते, पण त्या आवाजांतला हट्ट माझ्या ओळखीचा होता. आपल्याकडे तबलजी आणि गवई लयीवरून असेच हटून बसतात.

संकलन झाल्यावर मिक्सिंगला बसलो तेव्हा निर्मात्याच्या माणसानं सुचवलं, ठोका जरा वर घ्या, प्रेक्षकाची खुर्ची हलली पाहिजे. ती म्हणाली, "याच्या ट्रॅकवर आहे तेवढाच राहील. वाढवायचा नाही, पुसायचाही नाही." मी तिच्याच बाजूनं बोललो. स्फोट फुगवला की त्यापुढचं सगळं त्याला दिलेलं उत्तर होऊन बसतं. ती माणसं युद्धाला उत्तर देत नव्हती, संध्याकाळच्या आत ती रचना बसवायची होती त्यांना.

वाद जवळजवळ अख्खा ठेवला आहे. त्याला सबटायटल द्यायची का, यावर आमचं दोघांचं अजून चालू आहे. ती म्हणते, आवाज पुरेत. मी म्हणतो, वर का खाली हे प्रेक्षकाला कळलंच पाहिजे.