लेगसी चॅलेंज : आठव्या जागेवर अडलेलं घोडं

'ट्राय फॉर बेबी', म्हणजे मूल होऊ देण्याचा पर्याय, करडा पडलेला दिसतो. त्यावर माउस नेला की घरात जागा नाही एवढंच कळतं. सिम्स ४ या कॉम्प्युटर गेममधलं लेगसी चॅलेंज खेळताना मी या एका करड्या ओळीपुढे जेवढे तास काढले, तेवढे पैसे कमवण्यात, घर बांधण्यात किंवा पोरं वाढवण्यातही गेले नाहीत. म्हणून आधी त्याबद्दलच लिहिते. बाकीचं आठवेल तसं येईल.

ज्यांना हे चॅलेंज माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. एकटा तरुण सिम (खेळातला माणूस) किंवा तरुणी रिकाम्या मोठ्या लॉटवर, म्हणजे जमिनीच्या तुकड्यावर, आणायची आणि त्याच लॉटवर दहा पिढ्या नांदवायच्या. पैसे वाढवणारे चीट कोड नाहीत, आयुष्यमान नॉर्मल. एकच कुटुंब खेळायचं. घर सोडून गेलेल्या माणसाला पुन्हा हातात घ्यायचं नाही. प्रत्येक पिढीत एक वारस, आणि त्या वारसाने मरेपर्यंत त्याच घरात राहायचं. मूळ खेळ ऑक्टोबर २०२२ पासून फुकट आहे. या चॅलेंजला एकही जोड-पॅक विकत घ्यावा लागत नाही.

वारस कसा ठरणार हे मात्र पहिल्या दिवसाच्या आधी ठरवून कागदावर लिहायचं, आणि पुढे त्यात बदल नाही. लिंगाचा कायदा, रक्ताचा कायदा, वारसाचा कायदा असे वेगवेगळे कायदे आहेत. मी सगळ्यांत कडक निवडले. फक्त मुलगीच वारस, तीही पोटचीच, आणि मुलींमध्ये थोरली. तेव्हा हे फार देखणं वाटलं होतं. आईकडून मुलीकडे जाणारा वाडा, प्रत्येक पिढीत एक घरजावई. पण या तीन कायद्यांची गाठ कुटुंबातल्या आठ जागांशी पडते, हे माझ्या ध्यानात आलं नाही. दत्तकाची वाटही मीच बंद केली होती. १८४८ मध्ये डलहौसीने दत्तक नामंजूर करून सातारा खालसा केला, हे आपण शाळेत पाठ करतो. रक्ताचा कडक कायदा निवडला की आपल्या घराण्यावरही तीच वेळ येऊ शकते, हे आधीच मनाशी धरून ठेवा.

आता आठ जागांचा हिशोब. एका कुटुंबात जास्तीत जास्त आठ जण. नुकतं जन्मलेलं बाळ धरून आठ. कुत्रा-मांजरही यातच मोजलं जातं. मेलेल्या आजीचं भूत घरात सामील करून घेतलं तर तेही मोजलं जातं. दाई आणि बटलर मोजले जात नाहीत. सात जण असताना दिवस गेले तर जुळं होत नाही, एकच मूल येतं. आठ भरले की पाळणा हलायचा नाही.

माझी पहिली पिढी सगुणा. तिला चार मुलं झाली. थोरली दमयंती, म्हणजे वारस, मग भास्कर, मग केशव, आणि सगुणा प्रौढ असताना उशिरा झालेली शेंडेफळ रमा. मुलांमध्ये अंतर ठेवलं, कारण एका वेळी एकच टॉडलर (नुकतं चालायला लागलेलं मूल) सांभाळायला सोपं जातं. तिथेच पहिली चूक झाली. दमयंती तरुण होऊन तिचं लग्न झालं, तेव्हा भास्कर टीन, म्हणजे किशोर, होता, केशव लहान मुलगा आणि रमा टॉडलर. सगुणा म्हातारी झाली होती, तिचा नवरा गेला होता, आणि घरात चिंगी नावाची मांजर होती. सगुणा, दमयंती, जावई, तीन भावंडं, चिंगी. सात. दमयंतीला पहिला मुलगा झाला आणि आठ भरले. मुलगा वारस होऊ शकत नव्हता. घोडं अडलं.

लहान भावंडांना घराबाहेर पाठवता येत नाही, कारण टीन असो वा बालक, नव्या कुटुंबात निदान एक तरुण किंवा त्याहून मोठा सिम लागतोच. सगुणा आणि दमयंती यांनी वाडा सोडायचा नाही. जावयाला पाठवलं तर पुढचं मूल कुठून येणार? उरली वाट बघणं. भास्करच्या वयाच्या पट्टीवर माउस नेला की पुढच्या टप्प्याला किती दिवस उरले ते दिसतं. नऊ दिवस उरले होते. पहिल्या वेगावर सिमचा एक दिवस म्हणजे आपली २४ मिनिटं. नऊ दिवसांचे साडेतीन तास. तिसरा वेग लावावा तर टॉडलर आणि तान्हं बाळ त्या वेगात आजारल्यासारखी रडत बसतात आणि गरजांच्या पट्ट्या लाल होतात, म्हणून सारखं थांबवावं लागतं.

सगुणा जाईल आणि जागा मिळेल असं वाटत होतं. तिची पट्टी भरली, चमकायला लागली. तिथून पुढे म्हातारा सिम कधीही जाऊ शकतो, पण ती जाईना. मग तिचे ट्रेट, म्हणजे गुणविशेष, उघडून पाहिले. मी तिच्याकडून बॉडीबिल्डर ॲस्पिरेशन (आयुष्यातलं ध्येय) पूर्ण करून घेतलं होतं आणि त्याचं बक्षीस म्हणजे 'लाँग लिव्ह्ड' ट्रेट. आयुष्य वाढवणारा. चॅलेंजमधल्या गुणांसाठी शरीरसौष्ठव हवं असेल तर ते ॲस्पिरेशन भावंडांपैकी कुणाला तरी द्या, जो पुढे घर सोडणार आहे. वारसाला देऊ नका. घरात मूळ बाई दीर्घायुषी झाली की तिची जागा अडून राहते, आणि खेळात तिच्यावर प्रेम बसलेलं असल्यामुळे तिच्या मरणाची वाट बघणं फार वाईट वाटतं.

नवव्या दिवशी भास्कर तरुण झाला. मी त्याला लगेच एकट्याला बाहेर काढलं. एक जागा मोकळी झाली, दमयंतीला दिवस गेले, तीन दिवसांनी बाळ आलं. पुन्हा मुलगा. पुन्हा आठ. आता केशव तरुण व्हायला आणखी किती दिवस लागणार ते बघितलं आणि लॅपटॉप मिटवून टाकला.

दुसऱ्या दिवशी डोकं शांत झाल्यावर उत्तर सापडलं, आणि इतकं साधं की चीडच आली. भास्करला एकट्याला पाठवायचंच नव्हतं. घरातलं पहिलं जादा भावंड तरुण झालं की त्याच्याबरोबर खालची सगळी भावंडं एकदम पाठवायची, टॉडलरसुद्धा, आणि मांजरही. एक तरुण सिम सोबत असला की खेळ हरकत घेत नाही. तेव्हाच तसं केलं असतं तर एका झटक्यात चार जागा मोकळ्या झाल्या असत्या. भास्कर गेल्यावर माझ्या हातात ती किल्ली उरली नाही, कारण बाहेर गेलेल्याला पुन्हा हात लावायचा नाही हा नियम. मग केशव तरुण होईपर्यंत थांबले आणि त्याच्याबरोबर रमा आणि चिंगी दोघींना धाडलं. तीन जागा. रमा तोवर शाळेत जायला लागली होती. तिला पाठवताना जीव खालीवर झाला, हे खरं.

पाठवायची पद्धत अशी. आधी सेव्ह. मग वर्ल्डच्या नकाशावर जाऊन आपल्या घरावर क्लिक, तिथून कुटुंब सांभाळण्याचा पर्याय, त्यात दोन बाणांचं हस्तांतराचं बटण. नवं कुटुंब निवडायचं, जाणाऱ्यांना एका बाजूने दुसऱ्या बाजूला सरकवायचं, मान्य करायचं. पण त्याआधी जाणाऱ्या प्रत्येकाच्या खिशातल्या वस्तू तपासा. चित्रं, लिहिलेली पुस्तकं, गोळा केलेले स्फटिक आणि बेडूक ज्याच्या वैयक्तिक सामानात असतील त्याच्याबरोबर निघून जातात. भास्करबरोबर माझी अर्ध्याहून जास्त बेडकांची जमवाजमव गेली. वाड्यासाठी ठेवायचं ते सगळं आधी घराच्या सामानात टाका. आणि गेलेल्यांना हवेत लटकत ठेवू नका, स्वतः एखाद्या रिकाम्या घरात बसवून द्या. त्यांनी आपोआप नोकऱ्या बदलू नयेत, लग्नं करू नयेत असं वाटत असेल तर त्या कुटुंबाच्या नेबरहूड स्टोरीजमध्ये जाऊन ते बंद करा.

बरोबर पाठवायला म्हातारा सिम मात्र निवडू नका. आजोबा नातवंडांना घेऊन वेगळे राहतील हे चित्र छान वाटतं, पण वय चालू असेल तर ते जातील आणि मुलांमागे कुणी मोठं राहणार नाही.

मुलगी हवी असेल तर बागेत गाजर लावा. दिवस गेलेल्या सिमने गाजरं खाल्ली की मुलगी होण्याची शक्यता वाढते, स्ट्रॉबेरी खाल्ल्या की मुलाची. पॉप संगीत ऐकल्यानेही मुलीकडे कल जातो. शक्यता वाढते, खात्री नसते. तिसऱ्या खेपेला दमयंतीला तिन्ही दिवस गाजरं चारली, स्टिरिओवर पॉप लावून ठेवलं. मुलगी झाली. यमुना. त्या रात्री मी खेळ थांबवून नुसतं पाळण्याकडे बघत बसले.

आता यातून निघालेली गोष्ट, जी मला सुरुवातीला कुणीतरी सांगायला हवी होती. थोरलीला वारस करायचं असेल तर मुलं एकमेकांच्या पाठोपाठ होऊ द्या. टॉडलरांच्या काळात नाकी नऊ येतील, पण वारस तरुण झाल्यावर बाकीचे थोड्याच दिवसांत तरुण होतात. शेवटच्या मुलाला वारस करण्याचा कायदा निवडला तर उलटं. तेव्हा अंतर चालतं, कारण वारसाच्या लग्नापर्यंत थोरले निघून गेलेले असतात. पण आई तोवर म्हातारी झालेली असते, नातवंडांना आजी फारशी मिळत नाही. म्हातारी झालेल्या बाईला मूल होत नाही हेही ध्यानात ठेवा, पुरुषाला होतं. स्त्रीवारसाच्या घराण्यात म्हणून वेळ कमी असतो.

यमुनेच्या पिढीपासून मी वहीत प्रत्येक पिढीसाठी एक पान ठेवते. आठ चौकोन, प्रत्येकात नाव, आणि खाली तो माणूस घराबाहेर जाऊ शकेल तो दिवस. मूल होऊ द्यायच्या आधी ते पान बघते. तेव्हापासून करडी ओळ दिसलेली नाही. तीनच मुलं, त्यातली शेवटची दोन लागोपाठ.

सुरुवातीच्या पैशांबद्दल. लॉट घेतल्यावर हातात १८०० सिमोलियन (खेळातलं चलन) उरवायचे असा प्रघात आहे. कंट्रोल, शिफ्ट आणि सी एकदम दाबून चीटची खिडकी उघडायची आणि मनी शब्दापुढे १८०० टाकायचं, हा एकच चीट चालतो. भिंती बांधू नका. बिछाना घ्या, अंघोळीला जिममध्ये जा, रानात उगवलेली फळं, दगड उकरून निघणारे स्फटिक, तळ्याकाठचे बेडूक विका. मग चित्राचा स्टँड. दुसऱ्या आठवड्यात भिंती उभ्या राहतात. यात अडण्यासारखं काही नाही.

घर चौकाभोवती बांधा. विश्रामबाग वाड्यासारखा दर्शनी भाग करायला जाल तर पैसे आणि वेळ दोन्ही जातील, पण मधला चौक मोकळा ठेवला तर पुढच्या प्रत्येक पिढीत एक बाजू वाढवता येते, जुनं पाडावं लागत नाही. गेलेल्यांचे कलश चौकातल्या एका कोपऱ्यात ठेवते. माजघरात ठेवले तर भुतं रात्री लहान मुलांच्या खोल्यांपर्यंत येतात.

टॉडलरचं एक राहिलं. चालणं, बोलणं, कल्पना आणि विचार ही चार कौशल्यं पाचव्या पायरीपर्यंत आणि पॉटी तिसऱ्यापर्यंत नेली तर 'टॉप-नॉच टॉडलर' ट्रेट मिळतो आणि पुढे सगळी कौशल्यं लवकर शिकली जातात. पॉटी आधी उरका, ती लवकर होते आणि मोठ्यांचा वेळ वाचतो. वारस होणाऱ्या मुलीसाठी हे कराच, बाकीच्यांसाठी जमलं तर.

आणि सेव्ह. दर पिढीला 'सेव्ह ॲज' करून वेगळी फाइल ठेवा, नावात पिढीचा आकडा. खेळ जुन्या काही आवृत्त्या आपोआप ठेवतो, डॉक्युमेंट्समधल्या सेव्ह्ज फोल्डरमध्ये त्या व्हेर शून्यापासून व्हेर चारपर्यंत दिसतात, आणि लोड करायच्या यादीतून जुनी सेव्ह परत आणता येते. पुण्यात गुरुवारी देखभालीसाठी वीज जाते. डेस्कटॉपवर खेळत असाल तर गुरुवारी सकाळी कुणाचं बाळंतपण काढू नका. यमुनेची दुसरी मुलगी मी तशी दोनदा जन्माला घातली, आणि दुसऱ्या खेपेला ती मुलगा होती.