समाजवादी विधिविचाराचे वाचन: कामाच्या दिवसापासून पाशुकानिसपर्यंत

मार्क्स आणि त्याच्या परंपरेतल्या विचारवंतांनी कायद्याबद्दल काय लिहिले, याच्या आमच्या वाचनात या टप्प्यात धरलेला प्रश्न एकच आहे. वर्गसत्ता कायद्याच्याच रूपात का वावरते? मालक आणि मजूर यांचा संबंध दोन समान व्यक्तींच्या करारासारखा का दिसतो? कायदा कोणाच्या हिताचा, हे शोधायला वेळ लागत नाही, पण ते कळल्यावर वाचन तिथेच थांबते. कायद्याच्या रूपाचा हा प्रश्न सोव्हिएत विधिशास्त्रज्ञ पाशुकानिसने 1924 मध्ये नेमका मांडला. त्याच्याकडे जाण्याआधी मार्क्सचे काही भाग त्याच नजरेने पुन्हा वाचून झाले.

आधी प्रकरणांच्या क्रमांकांचा गोंधळ मिटवा. मार्क्सच्या ‘भांडवल’चा पहिला खंड जर्मनमध्ये दुसऱ्या आवृत्तीपासून 25 प्रकरणांचा आहे, तर 1887 च्या इंग्रजी अनुवादात 33 प्रकरणे आहेत. जर्मन 4 म्हणजे इंग्रजी 4 ते 6. पुढे 5 चे 7, 8 चे 10, 22 चे 24 आणि 24 चे 26 ते 32 होते. टिपणात नुसता आकडा लिहिला की पुढचा वाचक भलत्याच प्रकरणात शिरतो. इथे सगळे आकडे इंग्रजी अनुवादाचे आहेत.

वाचनाचा जमलेला क्रम असा: प्रकरण 2 ची सुरुवात, प्रकरण 6 चा शेवट, मग 10, 24 चा पहिला भाग आणि 28. त्यानंतर 1875 ची गोथा कार्यक्रमावरची, म्हणजे जर्मन कामगार पक्षाच्या जाहीरनाम्याच्या मसुद्यावरची, मार्क्सची टीका. मार्क्सच्या अर्थशास्त्रावरील पुस्तकाची 1859 ची प्रस्तावना शेवटी ठेवा. ती आधी वाचली की अर्थव्यवस्था हा पाया आणि कायदा हा त्यावरचा इमला हे चित्र डोक्यात घट्ट बसते आणि कायदा म्हणजे अर्थव्यवस्थेची पडछाया एवढेच उरते. प्रकरण 2 मध्ये तसे नाही. वस्तू आपल्या पायांनी बाजारात जात नाहीत, त्यांचे मालक जातात. देवघेव व्हायची तर त्यांनी एकमेकांना मालक म्हणून मान्य करावे लागते. म्हणजे करार हा विनिमयाच्या घडणीतच आहे, नंतर वरून चढवलेला नाही.

सर्वाधिक वेळ प्रकरण 10 ला द्यावा. तिथे कायद्याची कलमे, तास आणि पळवाटा सगळे आहे. 1833 च्या इंग्रजी कारखाना कायद्याने कामाची खिडकी पहाटे 5:30 ते रात्री 8:30 अशी 15 तासांची ठेवली. तिच्या आत 13 ते 18 वयाच्यांना 12 तास आणि 9 ते 13 च्या मुलांना 8 तास अशी मर्यादा घातली. चूक नेमकी इथेच होती. खिडकी 15 तासांची आणि मर्यादा 12 किंवा 8 ची, त्यामुळे मालकांनी मुलांच्या पाळ्या आलटून-पालटून लावल्या. कोणते मूल किती वेळ कामावर होते हे निरीक्षकाला सिद्ध करणेच अशक्य झाले. म्हणून 1844 च्या कायद्यात दोन गोष्टी आल्या. कारखान्यात सकाळी पहिले मूल किंवा किशोर कामाला लागला की त्या क्षणापासून सगळ्यांचे तास मोजायचे. आणि वेळ सार्वजनिक घड्याळाप्रमाणे धरायची, उदाहरणार्थ जवळच्या रेल्वेस्थानकाच्या. 18 वर्षांवरील स्त्रियाही याच कायद्याने 12 तासांच्या मर्यादेत आल्या.

1847 मध्ये दहा तासांचा कायदा झाला, तरी पाळ्यांची युक्ती चालूच राहिली. फेब्रुवारी 1850 मध्ये इंग्लंडच्या एक्स्चेकर या वरिष्ठ न्यायालयाने म्हटले की मालक 1844 च्या कायद्याच्या आशयाविरुद्ध वागले हे खरे, पण त्याच कायद्यातले काही शब्द तो आशय निरर्थक करतात. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये नवा कायदा आला. तास वाढून आठवड्याचे पाच दिवस साडेदहा आणि शनिवारी साडेसात झाले. बदल्यात स्त्रिया आणि किशोरांसाठी खिडकी सकाळी 6 ते संध्याकाळी 6 एवढी आवळली गेली. मुलांना त्या खिडकीतून वगळल्यामुळे तिथली पळवाट उघडीच राहिली. हा सगळा भाग दोन रकान्यांत उतरवा: डावीकडे कलम, उजवीकडे त्यातून निघालेली पळवाट. दोन समान हक्क समोरासमोर आले की निर्णय बळ करते, हे मार्क्सचे म्हणणे मग घोषवाक्य राहत नाही. त्यातला प्रत्येक तास कोणी, कोणाकडून आणि कशाने मिळवला हे त्या तक्त्यात दिसते.

पाशुकानिसची कसोटी इथे लावून पाहिली. तो कायदा आणि तांत्रिक नियमन यांत फरक करतो. रेल्वेचे वेळापत्रक गाड्यांचे नियमन करते. माल पाठवणाऱ्याशी असलेल्या संबंधात रेल्वेची जबाबदारी किती, हे कायदा ठरवतो. पहिल्यात उद्देश एकच असतो, दुसऱ्यात दोन हितसंबंध भिडतात. कारखाना कायदा वरकरणी वेळापत्रकासारखा दिसतो, पण एकेका मिनिटावरून दोन पक्ष न्यायालयात जातात, तेव्हा पाशुकानिसच्याच कसोटीने तो कायदा ठरतो. इथपर्यंत सिद्धांत टिकतो. ताण पुढे येतो. पाशुकानिसच्या मांडणीत कायद्याची व्यक्ती क्रयवस्तूच्या (बाजारात विकायच्या वस्तूच्या) मालकासारखी अमूर्त, वय आणि शरीर नसलेली आहे. 1833 आणि 1844 चे कायदे मात्र वय विचारतात, स्त्री की पुरुष हे विचारतात. याचे उत्तर त्याच्या पुस्तकात आम्हाला सापडलेले नाही. आमच्या मते करारापासून कायद्याकडे जाणारी त्याची वाट बरोबर आहे, पण संघर्षाने कायद्यात घुसवलेला मजकूर तिच्यावर बसत नाही.

गोथा टीकेचा भाग आकडे घालून सोडवावा. नुसता वाचला की निसटतो. आकडे आमचे आहेत, वजावटींचा क्रम मार्क्सचा. 100 कामगार प्रत्येकी 8 तास काम करतात, म्हणजे 800 तासांचे नवे श्रम. वापरल्या गेलेल्या साधनांतून आलेले 200 तास धरून एकूण उत्पादन 1000. आधी तीन वजावटी: साधनांची भरपाई 200, उत्पादन वाढवण्यासाठी 80, अपघात आणि आपत्तीसाठी राखीव 40. उरले 680. मग आणखी तीन: प्रशासन 40, शाळा-आरोग्यासारख्या सामायिक गरजा 100, काम करू न शकणारे 40. उरले 500. प्रत्येकाला 8 तासांच्या कामाचे 5 तासांचे प्रमाणपत्र मिळते, त्यावर तो तेवढ्या श्रमाच्या वस्तू घेतो. नेहमी होणारी चूक म्हणजे साधनांचे 200 तास एकूणात न धरता 800 मधूनच सगळे वजा करणे. मग उत्तर 3 येते आणि समाजवादात कामगाराच्या हाती जवळजवळ काहीच पडत नाही असा भलता निष्कर्ष निघतो. श्रमाचे फळ काहीही न कापता कामगाराला मिळावे ही जर्मन समाजवादी नेता लासालच्या वळणाची मागणी का टिकत नाही, तेही याच गणितात दिसते. प्रशासनाचा 40 चा आकडा पुढे घटत जाईल आणि सामायिक गरजांचा 100 चा वाढत जाईल, असे मार्क्स सांगतो. म्हणून दोन आकडे बदलून गणित पुन्हा करून पाहावे.

आता त्या 5 तासांचे काय होते ते पाहा. एकटा राहणारा 5 तासांचे घेतो, चौघांचे घर चालवणाऱ्याच्या घरी माणशी सव्वा तास येतो. माप सर्वांना सारखे आहे, म्हणूनच परिणाम विषम आहे. समान हक्क अजून बूर्ज्वा, म्हणजे भांडवलदारी समाजातला, हक्कच आहे, हे मार्क्स याच ठिकाणी म्हणतो. 1917 मध्ये लेनिनने त्यातून पुढचे काढले: हे माप आहे तोवर ते राखायला राज्यही लागणार. पाशुकानिस आणखी पुढे जातो. सममूल्यांची देवघेव आहे तोवर कायद्याचे रूप आहे, त्यामुळे ‘कामगारवर्गाचा कायदा’ अशी नवी, कायमची व्यवस्था उभारायची नसते, हे रूपच विरत जाते. 1936 च्या सोव्हिएत संविधानाने कामाप्रमाणे मोबदला हे तत्त्व कलम 12 मध्ये घातले. 1937 मध्ये पाशुकानिसला अटक करून गोळ्या घालण्यात आल्या. सोव्हिएत सरकारी वकील विशिन्स्कीने 1938 मध्ये केलेली कायद्याची व्याख्या, म्हणजे सत्ताधारी वर्गाची इच्छा व्यक्त करणारे आणि राज्याने बळाने राखलेले नियम, आपल्याला पुन्हा ‘कोणाच्या हिताचा’ या प्रश्नावर आणून सोडते. या विचाराचे ते मोठे नुकसान होते.

मार्क्सला भांडवलशाही अन्यायी वाटत होती का, या वादावर आमचे थोडेच काम झाले आहे. तत्त्वज्ञ ॲलन वुडने 1972 मध्ये मांडले की मार्क्सच्या मते भांडवली शोषण त्या व्यवस्थेच्या मापाने अन्याय ठरत नाही. आधार प्रकरण 7 चा: श्रमशक्ती (काम करण्याची क्षमता) तिच्या मूल्याला विकत घेतली, तर तिच्या वापरातून जास्त मूल्य निघाले यात विकणाऱ्यावर अन्याय नाही. हुसामी या अभ्यासकाने 1978 मध्ये याला विरोध केला. प्रकरण 24 मध्ये मार्क्स जेत्याची उपमा देतो, जिंकलेल्यांकडून लुटलेल्या पैशानेच त्यांचा माल विकत घेणाऱ्याची. ही दोन प्रकरणे शेजारी ठेवून वाचली की कळते की 7 मध्ये एकच सौदा पाहिला आहे आणि 24 मध्ये वर्षानुवर्षे चालणारी सौद्यांची साखळी. या वादाचा आढावा घेऊन नॉर्मन गेरासने 1985 मध्ये काढलेला निष्कर्ष आम्हाला पटतो: मार्क्सला भांडवलशाही अन्यायी वाटत होती, पण आपल्याला तसे वाटते असे त्याला वाटत नव्हते.

शिक्षेचे प्रकरण अर्धवट आहे. पाशुकानिसच्या मते तुरुंगाची मुदत हीसुद्धा सममूल्य देवघेव आहे. गुन्ह्याची किंमत महिन्या-वर्षांत मोजता येते, कारण श्रमही अमूर्त वेळेत मोजले जाऊ लागले आहेत. 1926 च्या रशियन फौजदारी संहितेने ‘शिक्षा’ऐवजी ‘सामाजिक संरक्षणाचे उपाय’ हा शब्द घेतला, पण मुदतींची श्रेणी राहिली. त्याच संहितेच्या कलम 16 ने कायद्यात नसलेले कृत्य जवळच्या गुन्ह्याच्या सादृश्यावरून दंडनीय ठरवता येई. माप सैल झाले, पण राज्याची ताकद तशीच राहिली. पाशुकानिसचा सिद्धांत या धोक्याबद्दल काही सांगतो का, हे तपासायचे आहे. त्यासाठी इतिहासकार ई. पी. थॉम्पसनने 1723 च्या इंग्लंडमधील ब्लॅक ॲक्टवर (चोरटी शिकार आदी अनेक कृत्यांना देहदंड देणाऱ्या कायद्यावर) केलेले काम पुढे घेतले आहे. सत्तेवर कायद्याचे बंधन असणे हेच एक भले आहे, या त्याच्या निष्कर्षासमोर पाशुकानिसची दोन प्रकरणे ठेवून पुढची नोंद होईल. ऑस्ट्रियन समाजवादी कार्ल रेनरचे कायद्यावरचे 1904 चे लेखन त्यानंतर.